‘डिब्राइडमेंट’ला मराठीत काय म्हणावं? ‘जखम साफ करणे’ आता लिहवत नाही

कानामात्रा

मी इंग्रजीतून मराठीत भाषांतरं करते. बरंचसं काम दवाखान्यांचं असतं: माहितीपत्रकं, संमतिपत्रं, घरी गेल्यावर घ्यायच्या काळजीचे कागद. ‘वूंड डिब्राइडमेंट’ हा शब्द त्यात सतत येतो आणि गेली सात-आठ वर्षं मी तिथे बोटं न थांबवता ‘जखम साफ करणे’ असं टाइप करत आलेय. कुणी कधी हरकत घेतली नाही.

दोन महिन्यांपूर्वी हा शब्द घरात आला. आईला मधुमेह आहे. डाव्या तळपायाला, अंगठ्याखालच्या उंचवट्यावर जखम झाली. दिसायला माझ्या अंगठ्याच्या नखाएवढी. कडा पांढऱ्या, कातड्यासारख्या जाड, मध्ये पिवळट चिकट थर. दुखत नव्हती म्हणून तिनं आठ-दहा दिवस कुणाला सांगितलंच नाही. भरती केल्यावर संमतिपत्र समोर आलं, त्यात लिहिलं होतं ‘डाव्या पायाच्या जखमेची साफसफाई’. आईनं चष्मा लावून वाचलं आणि विचारलं, “साफसफाईच ना? मग भूल कशाला देतायत?” मी म्हटलं, “अगं, धुताना झोंबेल म्हणून.” ते भाषांतर माझं नव्हतं, पण माझ्यासारख्याच कुणाचं तरी होतं.

दोन दिवसांनी पट्टी सोडली. जखम झाकायला माझी चार बोटं आडवी ठेवावी लागली असती. लालभडक, ओली, एका बाजूला चांगलीच खोल. आईनं पायाकडे एकदा बघितलं आणि मग माझ्याकडे. “तू तर म्हणालीस धुणार आहेत.” आणि ड्रेसिंग करणाऱ्या सिस्टर तोंडभरून म्हणत होत्या, “मस्त झालीय हो जखम!” त्या ‘मस्त’चा तेव्हा इतका राग आला की मी खोलीबाहेर जाऊन उभी राहिले.

पाय आता बरा आहे, त्याबद्दल तक्रार नाही. तक्रार शब्दाबद्दल आहे, आणि त्यातली निम्मी स्वतःबद्दल. तर जाणकारांनो, या शब्दाचा नेमका अर्थ काय? मी आजवर त्याचं नातं ‘डेब्री’शी लावत होते, म्हणजे राडारोडा काढणे. ते बरोबर आहे का? उच्चार डिब्राइडमेंट की डेब्रीडमेंट? आणि मुख्य म्हणजे, चष्मा लावून कागद वाचणाऱ्या माणसाला कळेल असं मराठीत काय लिहायचं?

थिएटर_सिस्टर

ताई, मी एकतीस वर्षं ऑपरेशन थिएटरमध्ये काढली, आता निवृत्त आहे. तुमच्या आईचं काय झालं असेल ते डोळ्यांपुढे उभं राहिलं, म्हणून सविस्तर लिहिते.

आधी एक. धुणं वेगळं आणि डिब्राइडमेंट वेगळं. धुण्याला आम्ही वॉश म्हणायचो. ओटीच्या यादीत दोन्ही लिहिलेलं असतं, ‘वॉश आणि डिब्राइडमेंट’. वॉशला सलाईनच्या बाटल्या काढायच्या. डिब्राइडमेंटला ट्रॉलीवर ब्लेड, टूथ फोर्सेप म्हणजे दाते असलेला चिमटा, कात्री, क्युरेट म्हणजे खरवडायची चमच्यासारखी वस्तू, आणि हाडापर्यंत गेलेलं असेल अशी शंका असली तर हाड कुरतडायचा निबलर. ही ट्रॉली एकदा बघितलेला माणूस ‘साफसफाई’ असं लिहिणार नाही.

सर्जन करतात काय? मेलेलं मांस पकडून कापत जातात. पिवळा चिकट थर म्हणजे स्लफ. तो फडक्यानं पुसून निघत नाही, खाली घट्ट धरलेला असतो. जाड पांढरी कडा कापतात, कारण ती जखमेवर झाकणासारखी बसते आणि आतला पू बाहेर येऊ देत नाही. असं कापत कापत जायचं, ब्लेड टेकवल्यावर टिपटिप रक्त येईपर्यंत. रक्त आलं की जिवंत भाग लागला. आमचे एक सर्जन तोवर एक शब्द बोलायचे नाहीत, आणि रक्ताचे ठिपके दिसले की “हं, आला” म्हणायचे. कोण आला ते नव्या मुलींना कळायचं नाही.

जखम मोठी का झाली? ती मोठी झाली नाही ताई, ती तेवढीच होती. तुम्हाला वरून दिसत होतं ते तिचं तोंड. मधुमेही पायात कातडीखाली पोखरत गेलेलं असतं, वर नखाएवढं भोक आणि आत पिशवी. झाकण काढल्यावर खरी जखम दिसली. आणि लालभडक ओली जखम आम्हाला खरंच मस्त दिसते, कारण लाल म्हणजे रक्त पोचतंय, आता मांस भरणार. तरीपण नातेवाइकांसमोर तसं म्हणू नये. मीही शेकडो वेळा म्हटलं असेल. आज वाटतंय, तोंड आवरायला हवं होतं.

अजून एक, तुमच्या कामाचं. काळ्या थराला पुष्कळ लोक खपली म्हणतात. खपली म्हणजे वाळलेलं रक्त आणि लस, ती खालची जखम भरली की आपोआप पडते. हा काळा थर म्हणजे मेलेली कातडीच असते. त्याला एस्कार म्हणतात. तिथे ‘खपली’ लिहू नका. माणूस म्हणेल, पडेल की आपली आपण.

मोडी_वाचक

मी एका पत्रकात ‘मोडतोड काढणे’ वाचलंय. जखमेतून. शपथेवर सांगतो.

खिडकीतला_फ्रेंच

वरच्या ‘मोडतोडी’चा उगम मूळ प्रश्नातच आहे! डेब्री आणि डिब्राइडमेंट यांचं काहीही नातं नाही. कानामात्रा, अशी फसगत इंग्रजी बोलणाऱ्यांचीसुद्धा होते, त्यामुळे वाईट वाटून घेऊ नका.

‘डेब्री’ आला तोडणे-फोडणे या अर्थाच्या जुन्या फ्रेंच क्रियापदावरून. ‘देब्रिदमाँ’ आला ‘ब्रिद’वरून, आणि ब्रिद म्हणजे घोड्याचा लगाम. ‘देब्रिदे’ म्हणजे लगाम काढणे, घोडा मोकळा सोडणे. शस्त्रक्रियेत हा शब्द रुजवण्याचं श्रेय 18व्या शतकाच्या उत्तरार्धातल्या देसो या फ्रेंच सर्जनला देतात. नेपोलियनच्या सैन्याचा प्रसिद्ध सर्जन लारे हा त्याचाच विद्यार्थी.

आता लगामाचा जखमेशी संबंध काय? गोळी लागली की आतलं मांस सुजतं. पण स्नायूंभोवतीचं पांढरं चिवट आवरण ताणलं जात नाही. सूज आत कोंडते, रक्त पोचेनासं होतं, आणि गोळीनं न मेलेलं मांस त्या दाबानं मरतं. तेव्हाचे सर्जन जखमेचं तोंड रुंद करून ते आवरण उभं चिरायचे. आवळून धरलेला लगाम कापायचा, की मांस मोकळं. म्हणजे मूळ देब्रिदमाँमध्ये मांस कापून काढणं नव्हतंच, तर चिरून सोडवणं होतं. हे काम आज फॅशिओटॉमी या नावाखाली होतं, आणि लगामाचा शब्द दुसऱ्याच कामाला लागलाय.

हा बदल पुरता पक्का झाला तो पहिल्या महायुद्धात. खंदकांतल्या चिखलानं माखलेल्या जखमांत गँग्रीन इतकं झपाट्यानं पसरे की नुसतं चिरून भागेना. बेल्जियन सर्जन आंत्वान दपाज आणि त्याच्या बरोबरीच्यांनी मेलेलं सगळं मांस कापून काढायचं, जखम लगेच न शिवता उघडी ठेवायची आणि काही दिवसांनी बंद करायची, ही रीत पुन्हा उचलून धरली. इंग्रजीनं ‘डिब्राइडमेंट’ या शब्दाखाली चिरणं आणि काढणं दोन्ही घातलं. हळूहळू चिरणं गळून गेलं, काढणं उरलं.

गंमत म्हणजे फ्रेंचमध्ये अजूनही फरक करतात. मेलेला भाग काढून जखमेच्या कडा नीट करण्याला तिथे ‘पाराज’ म्हणतात. त्याचं क्रियापद ‘पारे’, आपल्या तासण्या-छाटण्याच्या जवळचं. आणि ‘ब्रिद’ अजून पोटाच्या शस्त्रक्रियेत जिवंत आहे: आतड्याला आवळून बसलेल्या तंतूच्या पट्ट्याला ब्रिदच म्हणतात.

उच्चार: फ्रेंच वळणानं गेलात तर ‘देब्रिदमाँ’, इंग्रजी कोशांत बहुधा ‘डिब्रीडमेंट’, आणि आपल्याकडच्या वॉर्डांत सर्रास ‘डिब्राइडमेंट’. स्पेलिंगमध्ये नवरीचा ‘ब्राइड’ दिसतो ना, त्याचा हा प्रताप. मराठीत लिहिताना मी वॉर्डातलाच उच्चार ठेवीन. रुग्णाच्या कानावर तोच पडणार आहे.

अर्धा_वैद्य

लगामाची गोष्ट वाचून राहवलं नाही. सुश्रुतसंहितेत सूत्रस्थानाच्या पंचविसाव्या अध्यायात शस्त्रकर्माचे आठ प्रकार आहेत: छेदन, भेदन, लेखन, वेधन, एषण, आहरण, विस्रावण, सीवन. यातलं छेदन म्हणजे कापून वेगळं काढणं, भेदन म्हणजे चिरून उघडणं. म्हणजे देसोचं देब्रिदमाँ हे भेदन झालं, आणि आजचं डिब्राइडमेंट हे छेदन अधिक लेखन. ज्या दोन गोष्टींची इंग्रजीत सरमिसळ झाली त्यांना आपल्याकडे पहिल्यापासून दोन नावं आहेत.

लेखन वाचून दचकू नका. ‘लिख्’ या धातूचा जुना अर्थ ओरखडणं, खरवडणं हाच. अक्षरं टोकदार वस्तूनं कोरली जायची, म्हणून लिहिणं हा अर्थ पुढे आला. कानामात्रा, तुम्ही रोज करता ते आणि क्युरेटनं करतात ते, व्युत्पत्तीनं एकच काम!

माझी सूचना ‘व्रणशोधन’. जखमेच्या उपचारांत आधी शोधन म्हणजे शुद्ध करणं, मग रोपण म्हणजे भरून आणणं, हा क्रम आयुर्वेदात पक्का आहे. चिकित्सास्थानाच्या पहिल्याच अध्यायात व्रणाचे साठ उपक्रम दिलेत, त्यांत हे सगळं येतं. शब्द तयार आहे, घासून गुळगुळीत झालेला आहे.

कानामात्रा

वैद्यबुवा, लेखनाचं वाचून मजा आली, पण व्रणशोधन नको. आईला आत्ताच विचारून आले. म्हणाली, “म्हणजे जखम शोधायची? ती तर दिसतेय.” आणि व्रण म्हणजे तिच्या लेखी जखम भरल्यावर राहणारी खूण. दोन्ही शब्द मराठीत येऊन अर्थ बदलून बसलेत, त्याला तुम्ही-मी काय करणार?

सिस्टर, तुमचा प्रतिसाद दोनदा वाचला. ‘तेवढीच होती, झाकण काढल्यावर दिसली’ हे एक वाक्य मला कुणी त्या दिवशी सांगितलं असतं तर!

खिडकीवाल्यांना एक शंका. ‘सोडवणं’ हा मूळ अर्थ इतका सुंदर आहे, तर ‘जखम मोकळी करणे’ असं लिहिलं तर?

थिएटर_सिस्टर

नको ताई. जखम मोकळी ठेवा म्हणजे पट्टी न बांधता उघडी ठेवा, असाच अर्थ घेतील. आणि घरी जाऊन पट्टी सोडून बसतील. शिवाय झोंबण्याचं तुम्ही आईला सांगितलंत, पण ज्या पायाला जखम कळली नाही त्याला झोंबणार कसं? राग मानू नका. तो प्रश्न आईनं विचारायच्या आधी कुणीतरी भूल कशाला हे नीट समजवायला हवं होतं.

टाकेवाला

मी सर्जन आहे, जखमा हेच मुख्य काम. वरचं बहुतेक सगळं बरोबर आहे, तरी वापराबद्दल दोन-चार गोष्टी जोडतो, नाहीतर कानामात्रा सगळीकडे ‘कापणे’ लिहितील आणि तेही चुकेल.

मेलेला किंवा दूषित भाग जखमेतून दूर करणं, हा आजचा अर्थ. ते ब्लेडनंच होतं असं नाही. काही मलमांतली विकरं, म्हणजे एन्झाइम, मेलेलं तेवढंच विरघळवतात. भाजलेल्या जखमांसाठी अननसाच्या देठातून काढलेलं विकर वापरतात. नुसता ओलावा राखणारं जेल लावलं तर शरीर स्वतःच मेलेला थर सोडवतं, पण त्याला वेळ लागतो. आणि अळ्या. होय, प्रयोगशाळेत निर्जंतुक वाढवलेल्या माशीच्या अळ्या. पहिल्या महायुद्धात 1917 साली विल्यम बेअर या अमेरिकन सर्जनकडे दोन सैनिक आले. मांडीचं हाड मोडलेलं, पोटाला जखमा, सात दिवस रणांगणावर पडून. कपडे काढले तर जखमांत अळ्या वळवळत होत्या, आणि अळ्या धुऊन काढल्यावर खाली स्वच्छ गुलाबी मांस. ताप नाही. बेअरनं पुढे हाडांच्या जुनाट संसर्गासाठी अळ्या मुद्दाम वापरल्या, त्यावरचा त्याचा लेख 1931 साली आला. अमेरिकेच्या औषध नियामकांनी 2004 साली त्यांना परवानगी दिली, तीही वैद्यकीय उपकरण म्हणून! अळीला उपकरण म्हणताना त्या कागदावर सही करणाऱ्याचा चेहरा बघायला मला आवडला असता.

तेव्हा कागदावर ‘सर्जिकल डिब्राइडमेंट’ असेल तरच ‘कापून’ लिहा. नुसतं ‘डिब्राइडमेंट’ असेल तर पुढे-मागे बघा. भूल, ओटी, उपाशीपोटी यायचं, असं काही असेल तर कापणंच आहे.

दुसरं, किती कापायचं. सिस्टर रक्ताचं म्हणाल्या ते खरं, पण स्नायूत आम्ही चार गोष्टी बघतो: रंग, पोत, चिमटा काढल्यावर आकसतो का, आणि कापल्यावर रक्त येतं का. मेलेला स्नायू मळकट दिसतो, बोटाला पिठूळ लागतो, चिमटा काढला तर ढिम्म. इतकं बघूनही काही भाग धड मेलेला नाही, धड जिवंत नाही, असा राहतो. म्हणून एक-दोन दिवसांनी पुन्हा ओटीत घेऊन बघतो. नातेवाइकांना वाटतं पहिल्यांदा नीट केलं नाही. अहो, पहिल्यांदाच जास्त कापलं असतं तर जिवंत भाग गेला असता. ‘पुन्हा करावं लागू शकतं’ हे वाक्य संमतिपत्रात असायलाच हवं. मी तर ते तोंडी तीनदा सांगतो.

तिसरं, कधी करू नये. पायाचा रक्तपुरवठा तोकडा आहे, टाचेवर काळा थर आहे, पण तो कोरडा, टणक, घट्ट बसलेला, खाली पू नाही, कडेला लाली नाही. त्याला हात लावायचा नाही. तिथे तो थर म्हणजे झाकणच, आणि ते उघडलं तर भरून यायला रक्तच नाही. आधी रक्तवाहिन्यांचं बघायचं, मग पुढचं. ‘मेलेलं दिसलं की काढा’ असं कुठल्या माहितीपत्रकात वाचलंत तर तिथे लाल रेघ मारा.

बाकी हा शब्द जखमेबाहेरही फिरतो. दातांचे डॉक्टर किटण काढण्याला डिब्राइडमेंट म्हणतात, तिथे मेलेलं मांस वगैरे काही नसतं. गुडघ्यात दुर्बीण घालून झिजलेल्या कूर्चेचे सुटे तुकडे, लोंबती टोकं काढण्यालाही तेच नाव. त्यावर 2002 साली अमेरिकेत झालेला प्रयोग गाजला होता: संधिवाताच्या 180 रुग्णांपैकी काहींना हे खरोखर केलं, काहींना नुसतं पाणी फिरवून धुतलं, काहींना कातडीवर चिरा देऊन टाके घातले, आत काहीच नाही. दोन वर्षांनी तिन्ही गटांचे गुडघे सारखेच. म्हणजे एकाच शब्दाखाली पाय वाचवणारी शस्त्रक्रियाही येते आणि ही पण. तुम्हाला एकच मराठी शब्द हवाय, तो मिळणार नाही.

आणि आमची भाषा विचाराल तर आम्ही रुग्णालाच डिब्राइड करतो. “बेड नंबर चार दोनदा डिब्राइड झालाय.” असं बोलणाऱ्या माणसांकडून संमतिपत्राची भाषा तपासून घेऊ नका.

मोडी_वाचक

डॉक्टर, ‘टाकेवाला’ नाव घेऊन जखमा उघड्या ठेवायच्या म्हणजे कमाल आहे.

टाकेवाला

शेवटी टाकेच घालतो हो. वाट बघायला शिकलोय, इतकंच.

कानामात्रा

सगळ्यांचे आभार. एका शब्दाचा हट्ट सोडला. जिथे खरोखर शस्त्रक्रिया आहे तिथल्या संमतिपत्रासाठी हा मसुदा केलाय:

‘तुमच्या जखमेतला मेलेला व सडलेला भाग कापून काढावा लागेल. याला डॉक्टर डिब्राइडमेंट म्हणतात. रक्त येणारा, जिवंत भाग लागेपर्यंत कापावं लागतं. जखम आतून किती पसरली आहे हे तेव्हाच कळतं, त्यामुळे नंतर ती आत्ता दिसते त्यापेक्षा मोठी व खोल दिसेल. ही शस्त्रक्रिया पुन्हा करावी लागू शकते.’

एका ओळीचं पाच ओळी झालं. ज्यांच्यासाठी काम करते ते जागा नाही म्हणून कुरकुरणार, तर टाइप बारीक करू नका, समास कमी करा, असं आधीच कळवून ठेवलंय.

छापून आईला वाचायला दिलं. तिनं चष्मा लावून दोनदा वाचलं. म्हणाली, “हे आधी वाचलं असतं तरी सही केली असती मी. फक्त पट्टी सोडताना तुझ्याकडे बघितलं नसतं.” मग पेन मागून घेतलं आणि दोन ठिकाणी ‘व’वर काट मारली. “इथे ‘आणि’ लिही. ‘व’ कुणी बोलतं का?”